खरवडलेला आकडा

ताट भिंतीवर आदळलं, भाकरीचा तुकडा कॉटखाली गेला आणि आमटीचा ओघळ पांढऱ्या गिलाव्यावरून सावकाश खाली उतरू लागला.

"माठा, सांग तिला!" अण्णासो मिस्त्री कडाडले. "आमटीत मीठ न्हाय म्हणावं! दहा वर्सं झाली, आजून त्या हाताला माप म्हणून ठावं न्हाय!"

घरात तिसरं माणूस नव्हतं. कॉटवर सत्तरीचे अण्णासो बसले होते. त्यांचा उजवा पाय गुडघ्याखाली नव्हता आणि काचबिंदूनं दोन्ही डोळे नेले होते. स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात त्यांची चाळिशीची लेक ललिता उभी होती, आणि दोघांच्या मधे तिवईवर पाण्याचा माठ होता. लेकीशी बोलायचं नाही अशी शपथ अण्णासोंनी घेतली होती, पण बोलल्याशिवाय घर चालत नाही, म्हणून ते माठाशी बोलत. माठा, तिला सांग पाणी तापव. माठा, तिला इचार माझी कुबडी कुठं ठेवलीया. सुरुवातीला कसबा बावड्याच्या त्या गल्लीतले लोक तोंडाला पदर लावून हसले, पुढं त्यांनाही सवय झाली. दर उन्हाळ्यात माठ बदलला, शपथ काही बदलली नाही!

ललितानं फडकं ओलं करून भिंत पुसली. मीठ बरोबर होतं. साखरेचा आजार वाढल्यापासून म्हाताऱ्याच्या जिभेचीच चव गेली होती, पण हे सांगायचं कुणाला... माठाला? ती खाली वाकली आणि तिनं भाकरी उचलली.

तेवढ्यात शेजारच्या दारातून चिमणाबाई आत आली. ही अण्णासोंची धाकटी बहीण, ललिताची आत्ती. जिभेला हाड नाही म्हणतात ते तिच्याकडं बघूनच म्हणत असावेत.

"आण्णा, ऐकलंस का? चौकात बॅनर लागलाय प्रसेनचा! ह्यो एवढा! 'नामवंतांच्या घरांचा शिल्पकार' म्हणून लिवलंय. उद्या मोठ्या हॉलात प्रदर्शन, आन् तुला स्टेजवर बसवणार हाईत." मग ललिताच्या हातातल्या फडक्याकडं बघून ती म्हणाली, "आन् तू गं? आज बी उपाशी ठेवलंस का बापाला? पाय खाल्लास, आता जीव खा!"

ललितानं फडकं पिळलं. दहा वर्षांत तिला एक गोष्ट पक्की कळली होती. उत्तर दिलं की आत्तीचं बोलणं दुप्पट होतं.

कोण होता हा प्रसेन? प्रसेनजीत म्हणजे तिचा पाठचा भाऊ, गल्लीतला पहिला आर्किटेक्ट. अण्णासो, पोरांचे आबा, हाडाचे गवंडी. ओळंबा न लावता भिंतीची कड सांगणारे, निरक्षर, पण नकाशावरचे आकडे आणि रेघा घडाघडा वाचणारे. आयुष्यभर त्यांनी दुसऱ्यांची घरं बांधली. काही घरं अशी होती, की वास्तुशांतीच्या दिवशी त्याच घराच्या ओट्यावरसुद्धा त्यांना कुणी बसवलं नाही. "माझी पोरं घर बांधणार न्हाईत, घर काढणार!" असं ते म्हणायचे. आणि पोरांनी ते खरं केलं. ललिता आयटीआयमधून ड्राफ्ट्समन झाली, शिवाजी पेठेतल्या एका ऑफिसात नकाशे काढू लागली, आणि तिच्या पगारावर प्रसेनजीत पुण्याला जाऊन आर्किटेक्ट झाला. तिचं लग्न ठरत होतं, ते दोनदा पुढं ढकललं गेलं, आणि तिसऱ्यांदा कुणी विचारायला आलं नाही. तिनं त्याचं दुःख कधी केलं नाही. भावाच्या पदवीचा फोटो भिंतीवर लागला त्या दिवशी ती एकटीच न्हाणीघरात जाऊन आनंदानं रडली होती!

त्र्याण्णव साली भावाबहिणीनं मिळून ऑफिस टाकलं. प्रसेनजीतला बोलणं होतं, रुबाब होता, आणि खोटं कशाला सांगा, नजरही होती. उजेड कुठून येईल ते तो रिकाम्या प्लॉटवर उभं राहून सांगायचा. पण घर अंगाला बसायचं ते ललितामुळं. ती आधी जाऊन त्या घरातली माणसं मोजून यायची. पहिलं मोठं काम एका नामांकित पैलवानाचं. त्याच्या जुन्या घरात तो न्हाणीघराच्या दारातून आडवा होऊन आत जायचा हे तिनं पाहिलं आणि नव्या घरातलं प्रत्येक दार सहा इंचांनी रुंद केलं. लावणीच्या एका प्रसिद्ध कलावतीच्या तालमीच्या खोलीत तिनं फरशीवर लाकडी जमीन घालून घेतली, कारण बाईंचे गुडघे सुजलेले तिनं चहा पिता पिता पाहिले होते. पडद्यावर सगळ्यांना धाक घालणारा एक खलनायक अंधाराला भितो हे त्याच्या बायकोकडून तिला कळलं, तेव्हा शेतघराच्या जिन्याला तिनं पायरीपायरीला दिवा दिला आणि गुपित पोटात ठेवलं. घरं पाहून लोक म्हणत, प्रसेनजीतला माणूस कळतो. तो हसायचा. ती मागच्या खोलीत पुढच्या कागदावर वाकलेली असायची.

त्या काळी आमच्याकडं अशा ऑफिसांत कॉम्प्युटर नव्हते. दुधी ट्रेसिंग कागदावर शाईच्या पेनानं नकाशा काढायचा, त्यावरून निळ्या प्रती छापून साइटवर पाठवायच्या. चूक झाली तर दाढीच्या ब्लेडनं शाई हलकेच खरवडायची आणि त्याच जागी नवा आकडा लिहायचा. निळ्या प्रतीवर त्याचा मागमूस राहत नसे. सगळे ड्राफ्ट्समन तसंच करत.

ललिता मात्र करत नसे. लहानपणी सुट्टीत ती बापाबरोबर साइटवर जायची. एकदा गिलाव्यातला फुगवटा तिनं खरवडून त्यावर नवा माल लिंपला, तेव्हा अण्णासोंनी तिचा अंगठा धरून त्या जागेवर फिरवला होता. "कळतंय? डोळ्याला दिसत न्हाय, पर हाताला कळतंय. खरवडल्याली जागा परत अंगाला धरत न्हाय पोरी. चुकलं की पुरं काढायचं, नव्यानं करायचं. आपण गरीब हाय, आपल्याला ठिगळ परवडत न्हाय." ते तिच्या मनावर असं कोरलं गेलं, की पुढं एक आकडा चुकला तरी ती चार दिवसांचा कागद फाडून पुन्हा पहिल्या रेघेपासून बसायची. प्रसेनजीत चिडायचा, ऑफिसातली मुलं कपाळावर हात मारायची. अण्णासो मात्र साइटवर निळा कागद उलगडून सगळ्यांना सांगायचे, "लेकीच्या हातचं हाय. ह्यात चुकी गावायची न्हाय."

आणि याच वाक्यानं घात केला!

सत्त्याण्णव साल. सिनेनटी मधुवंती हिचा बंगला बांधायला घेतला होता. पहिल्या मजल्याला रस्त्याच्या बाजूनं गॅलरी होती, चार फूट बाहेर आलेली. सळ्यांचा हिशेब इंजिनियरनं चार फुटांचाच दिला होता. ललिता दोन दिवस तापानं घरी पडून होती. त्या दोन दिवसांत मधुवंती ऑफिसात आली आणि म्हणाली, "खाली लोक जमले की मी वर उभी राहणार, प्रसेनजीत. एवढ्याशा गॅलरीत मी काय कपडे वाळत घालू?" प्रसेनजीतनं ब्लेड घेतलं, चाराचा आकडा खरवडला, सहा लिहिला, आणि प्रती साइटवर पाठवून दिल्या. इंजिनियरला फोन करायचा राहून गेला. सळ्यांचा कागद जुनाच राहिला, आणि ताप उतरून परतलेल्या ललितानं पुढचं काम हातात घेतलं, मागचा कागद पुन्हा उघडून पाहिला नाही.

साइटवर मिस्त्री होते अण्णासो. गॅलरीचं काँक्रीट भरलं, दिवस मोजून खालच्या फळ्या आणि टेकू काढायला घेतले, आणि शेवटचा टेकू निघाला तेव्हा अण्णासो खालीच उभे होते...

दवाखान्यात त्यांचा पाय कापला त्या दुपारी ललिता ऑफिसात गेली. टेबलावर तो ट्रेसिंग कागद होता. तिनं तो खिडकीच्या उजेडावर धरला, आणि सहाच्या आकड्यामागं ती खरवडलेली, पातळ झालेली जागा तिला दिसली. मागं प्रसेनजीत उभा होता. त्यानं तिचे पाय धरले.

"अक्का, दोनच फूट गं... दोनच फूट वाढवलं! मला मारून टाक, पण आबांना सांगू नको. माझा परवाना जाईल अक्का!"

परवाना! ललिताच्या डोळ्यांपुढं परवाना आलाच नाही. तिला दिसली ती गल्ली. चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत प्रसेनला खांद्यावर घेणारी पोरं, आपल्या नातवाच्या डोक्यावर त्याचा हात ठेवायला लावणाऱ्या म्हाताऱ्या. आणि दिसले ते सगळे, जे अशाच एखाद्या दिवसाची वाट बघत दबा धरून होते... 'यांना नकाशे काढायला दिले की असंच व्हायचं' म्हणायला! एका बाईनं आकडा चुकवला तर फक्त ती बाई चुकते. आर्किटेक्ट चुकला असता तर सगळ्यांच्या पोरांच्या पुढची दारं बंद झाली असती. असं तिला वाटलं. बरोबर वाटलं की चूक, हे ठरवायला तिच्याकडं एक दुपारसुद्धा नव्हती.

दवाखान्यात कॉटभोवती इंजिनियर होता, मधुवंतीचा मॅनेजर होता, अर्धी गल्ली होती. गुंगीतून उठलेल्या अण्णासोंनी एकच प्रश्न विचारला.

"आकडा कुणी लिवला?"

"मी," ललिता म्हणाली. "तापात होते आबा. माझ्याकडनं चुकला."

म्हाताऱ्याच्या चेहऱ्यावर तेव्हा जे उमटलं, ते तिला आजही डोळे मिटले की दिसतं. राग नव्हता तो. विश्वास मेला की माणूस जसं बघतो तसं ते बघत होते. मग त्यांनी तोंड भिंतीकडं फिरवलं, आणि ते आजतागायत तिच्याकडं वळलेलं नव्हतं.

नटीला बभ्रा नको होता, प्रकरण तिथंच मिटलं. प्रसेनजीत म्हणाला होता, "तो कागद फाडून टाक अक्का." ती हो म्हणाली. पण फाडवला नाही. एक आकडा सोडला तर त्यावरची प्रत्येक रेघ तिची होती, बरोबर होती, आणि तिनं काढलेला तो शेवटचा नकाशा होता. तिनं तो पत्र्याच्या नळीत घालून ट्रंकेच्या तळाशी ठेवला, आणि कागलच्या एमआयडीसीत नोकरी धरली. तिथं दिवसभर ओतीव लोखंडाचे तुकडे मोजायचे आणि दुसऱ्यांच्या चुका बाजूला काढायच्या. शाईचं पेन तिनं पुन्हा हातात धरलं नाही.

प्रसेनजीत पुण्याला गेला, मोठा झाला. नट, गायक, क्रिकेटवाले, सगळ्यांची घरं त्यानं काढली, मासिकांत त्याचे फोटो आले. पण बहिणीच्या डोळ्यांत त्याला बघवेना, मग तो तिच्यावर चिडायला शिकला. ज्याचे उपकार फेडता येत नाहीत त्याचा राग करणं सोपं असतं.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी दारात थांबली. प्रसेनजीत उतरला, आणि मागून त्याची पुण्याची बायको मनाली. तिनं सासऱ्यांच्या पायाला हात लावला, त्यांच्यासाठी आणलेला नवा सदरा कॉटवर ठेवला, आणि ललिताला म्हणाली, "ताई, राग मानू नका. पण आज संध्याकाळी तुम्ही हॉलवर न आलेलं बरं. पत्रकार असतील. तुमचं ते जुनं प्रकरण कुणी उकरून काढलं तर यांच्या पंधरा वर्षांच्या मेहनतीवर पाणी पडेल."

तुमचं ते जुनं प्रकरण! ललितानं भावाकडं पाहिलं. प्रसेनजीत मोबाइलवर काहीतरी शोधत होता.

"माठा, सांग तिला," कॉटवरून आवाज आला, "घर राखायला बी कुणीतरी लागतंयच."

ललिताला वाटलं, आता धरणीनं पोटात घ्यावं... पण ती चहा ठेवायला वळली. दूध उतू जाईपर्यंत तिला मागच्या खोलीतला आवाज ऐकू आला नाही.

मनालीनं ट्रंक उघडली होती. प्रदर्शनाच्या पहिल्या भिंतीसाठी तिला हातानं काढलेले जुने नकाशे हवे होते. पैलवानाच्या घराचा कागद तिला सापडला, कलावतीच्या खोलीचा सापडला, आणि मग तळाशी ती पत्र्याची नळी.

"त्याला हात लावू नका!" ललिता धावली. आयुष्यात पहिल्यांदा ती त्या घरात एवढ्या मोठ्यानं ओरडली असेल.

"का? यांच्या ऑफिसचेच आहेत ना?"

"सोडा म्हणते ना!"

दोघींच्या ओढाताणीत नळीचं टोपण उडालं, कागद बाहेर आला. दारात आलेल्या प्रसेनजीतनं तो पाहिला आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला. आरडाओरडा ऐकून चिमणाबाईही शेजारून आली.

"काय हाय त्ये?" अण्णासोंनी विचारलं. "सूनबाई, काय हाय?"

मनालीनं कोपऱ्यातली अक्षरं वाचली. "मधुवंती बंगला. पहिला मजला."

अण्णासोंनी कॉटवरून हात पुढं केला.

"आण हिकडं." अण्णासोंचा आवाज थंड होता. "जपून ठेवलाय व्हय त्या भवानीनं? बापाचा पाय नेल्याला कागुद ट्रंकंत जपून ठेवलाय? आण! गॅलरी कुठं हाय तिथं माझं बोट ठेव सूनबाई. तिथनंच उभा फाडतो."

"आबा, राहू दे ना. संध्याकाळी कार्यक्रम आहे, मी नंतर जाळून टाकतो..." प्रसेनजीत पुढं झाला.

"तू गप बस."

मनालीनं म्हाताऱ्याचा अंगठा धरून गॅलरीच्या रेघेवर ठेवला. अण्णासोंनी दोन्ही हातांत कागद ताणून धरला. पण फाटल्याचा आवाज आला नाही. अंगठा जागच्या जागी थांबला होता. तो थोडा मागं गेला. पुन्हा पुढं आला. पन्नास वर्षं थापी धरून घट्टे पडलेला, डोळे गेल्यापासून जास्तच शहाणा झालेला तो अंगठा आकड्याभोवती फिरत राहिला...

"हितं खरवडलंय," अण्णासो हळूच म्हणाले.

त्यांनी कागद मांडीवर पसरला आणि तळवा सगळ्या नकाशावरून फिरवू लागले. खोल्यांवरून, जिन्यावरून, खिडक्यांवरून, चारही कडांपर्यंत. किती वेळ गेला कुणास ठाऊक.

"पुऱ्या कागदावर दुसरं कुठंच न्हाय. एकाच जागी. हितंच."

"मीच खरवडलं आबा," ललिता घाईनं म्हणाली. "ताप होता, घाई होती, म्हणून..."

"खोटं!" अण्णासो गरजले. "तू खरवडशील? एका पायरीसाठनं चार दिसाचा कागुद फाडणारी पोर तू! तुझा अंगठा धरून मी शिकवलंय तुला! माझ्यासंगं खोटं बोलतीस?"

आणि ललिताच्या अंगावर सर्रकन काटा आला. म्हातारा तिच्याशी बोलला होता! माठाशी नाही... तिच्याशी! शिवी दिल्यासारखं का होईना, दहा वर्षांनी त्यांच्या तोंडून 'तू' आलं होतं. तिनं दाराची चौकट धरली.

"प्रसेन." अण्णासोंनी मान त्याच्या दिशेनं वळवली. "आकडा कुणाचा?"

"हो, माझा! माझा होता!" प्रसेनजीत किंचाळला. "झालं समाधान? दहा वर्षं मी काय सुखानं जगलोय असं वाटतं तुम्हाला? एकेका घराच्या गॅलरीखालनं जाताना मी अजून वर बघून पुढं होतो! आणि ही... हिनंच गप्प बसवलं मला! मी सांगितलं असतं! हिला थोर व्हायचं होतं, देवी व्हायचं होतं!"

"देवी?" ललिताचा आवाज तिलाच ओळखू येईना. "देवीला तरी वर्षातनं एकदा साडी नेसवतात रे! मला या घरात माठाची किंमत नव्हती! तू माझे पाय धरलेस तेव्हा मला गल्लीतली पोरं दिसली. माझ्या गप्प बसण्यावर त्यांच्यातलं एकतरी तुझ्यामागनं जाईल असं वाटलं. आणि तू काय केलंस? आज बायकोकडनं मला निरोप दिलास, घरी थांब म्हणून! तिला खरं तरी सांगायचंस प्रसेन... बायकोला तरी!"

मनाली कॉटच्या कडेला बसली. ती नवऱ्याकडं बघत होती, आणि नवरा जमिनीकडं.

"गल्लीचं नाव," अण्णासो कडवट हसले. "चार फुटाच्या सळयांवर सहा फुटाचं नाव उभं केलंसा व्हय रं दोघांनी? कोसळणार न्हाय तर काय? आन् ही खाली ऱ्हावून टेकू लावत बसली दहा वर्सं!" त्यांचा आवाज एकदम चिरकला. "आन् मी... मी तरी कोण साव लागून गेलोय! मला कळलं हुतं. गॅलरी भरताना हात सांगत हुता, लांब हाय, सळई कमी हाय. दुसऱ्या कुणाचा कागुद असता तर काम थांबवलं असतं. म्हटलं लेकीच्या हातचं हाय, इचारून तिचा अपमान कशापायी करा... ह्ये मी कुणाला सांगितलं न्हाय. दहा वर्सं हिला शिव्या देत आलो, त्यातल्या निम्म्या माझ्या मला हुत्या."

चिमणाबाईनं पदराचा बोळा तोंडात कोंबला.

"प्रसेन, मी येत न्हाय तुझ्या स्टेजवर. माझी लेक जिथं नको, तिथं मी बी नको. सदरा घिऊन जा."

प्रसेनजीत वळला. दाराशी गेला, परत आला. त्यानं बापाच्या मांडीवरचा कागद हळूच उचलला, नळीत घातला आणि नळी घेऊन निघून गेला. ललिताला वाटलं, आता तो जाळणार. आणि नवल म्हणजे, तिला त्याचं काहीच वाटलं नाही.

*

दिवेलागणीला चिमणाबाई धापा टाकत आली. नेहमीचा आवाज नव्हता. ती उंबऱ्यातच बसली.

"ललिते, जाऊन आलो मी हॉलवर. शिरल्या शिरल्या पयल्या भिंतीवर तुझा त्यो कागुद लावलाय बघ. मागनं बल्ब पेटवलाय. खरवडल्याली जागा निस्ती चमकतीया, आंधळ्याला बी दिसल! आन् प्रसेन माइक घिऊन हुबा... म्हणला, 'ही चुकी माझी हाय. ह्या कागदावरचं बाकी समदं माझ्या अक्काचं हाय, आन् तुम्ही ज्या घरांसाठनं मला नावाजता त्यातलं निम्मं बी तिचंच हाय.' लोक उठून गेलं गं. पेपरवाले तर मागंच लागलं. मनाली कोपऱ्यात रडत हुती." ती थांबली. तिला पुढचं जमत नव्हतं. "पोरी, मी बी तुला लई बोललो..."

ललितानं मान हलवली. आत्ती डोळे पुसत निघून गेली, आणि घरात पुन्हा दोघंच उरली. मधे तो माठ.

अण्णासो खाकरले. "ललिते..."

बापाच्या तोंडून दहा वर्षांत एकदाही न ऐकलेलं स्वतःचं नाव! हेच ऐकण्यासाठी ती तडफडली होती. ते आलं की आपण धावत जाऊ, त्या एका पायाला मिठी मारू, असं तिनं कितीदा मनात रंगवलं होतं. आणि आता पाय उचलेनात. आतून एवढ्या वर्षांचं सगळं वर येत होतं, आणि ते प्रेम नव्हतं.

"ललिते, पाणी दे की."

ती तिवईपाशी आली. माठाकडं तोंड करून उभी राहिली.

"माठा, सांग त्यांना," ती म्हणाली. "त्यांचा एक पाय गेला. माझा अख्खा बाप गेला. त्यांना चूक एका अंगठ्यात कळली, पण माझा चेहरा त्यांनी डोळे होते तोवर एकदाही बघितला नाही. बघितला असता तर तेव्हाच कळलं असतं. मी खोटं बोलले ती माझी चूक. पण त्यांनी ते खरं मानलं... मी, त्यांची ललिता, तशी चुकेन हे त्यांनी खरं मानलं! माझा राग अजून गेला नाही म्हणावं. खरवडून वरनं गोड लिहायला मला जमत नाही. त्यांनीच शिकवलंय."

अण्णासो ऐकत होते. न दिसणाऱ्या डोळ्यांतून पाणी गालावर आलं, ते त्यांनी पुसलं नाही.

"माठा," ते म्हणाले, "तिला सांग, बरोबर हाय तिचं. पुरं काढू, नव्यानं करू. वेळ लागंल. मी हितंच बसलोय म्हणावं, कुठं जात न्हाय."

ललितानं माठावरचं झाकण काढलं. तांब्या भरला, कॉटपाशी नेला, आणि बापाचा हात धरून त्याची बोटं एकेक करून तांब्याभोवती नीट बसवली.

"सावकाश आबा," ती म्हणाली. "काठोकाठ भरलाय."